विद्याश्रीच्या मानेवरची जट

टायफॉईडचा ताप उतरला त्या सकाळी विद्याश्री पहिल्यांदा स्वतःहून उठून बसायला गेली आणि तिची मान मागच्या मागे ओढली गेली. केस पलंगाच्या कडेत अडकले असतील म्हणून तिने हात मागे नेला. पलंगाला काही अडकलं नव्हतं. डाव्या कानामागे मुठीएवढा कडक गोळा होता आणि त्याच्याखाली पाठीवर सुंभाच्या दोरीसारखं काहीतरी लोंबत होतं. ते तिचेच केस होते.

आजारपणभर कोणी तिच्या डोक्याला हात लावला नव्हता. तिनेच लावू दिला नव्हता. कंगवा नुसता टेकला तरी कवटी ठणकायची. कपाळावरच्या ओल्या पट्ट्यांचं पाणी कानामागून ओघळून केसांत मुरलं होतं, वर घाम मुरला होता, आणि ती रात्रंदिवस या कुशीवरून त्या कुशीवर डोकं घासत होती. तापाने गळलेले केसही खाली न पडता राहिलेल्यांतच गुरफटले होते. कारण सरळ होतं. पलंगावर बसल्या बसल्याच ते तिच्या लक्षात आलं.

"अत्ते," तिने सासूला हाक मारली, "जाड दातांचा कंगवा आणि खोबरेल द्या जरा. केसांचा पार गुंता झालाय."

सरस्वतीबाई हात पुसत आल्या. त्यांनी सुनेच्या मागे वाकून पाहिलं. मग दोन पावलं मागे सरून त्यांनी हात जोडले.

"हात लावू नकोस," त्या हळूच म्हणाल्या. "जट आहे ती. देवीआईनं ताप घेतला आणि आपली खूण ठेवली."

विद्याश्रीला हसू आलं. हसायची ताकद नव्हती म्हणून ती नुसती पडून राहिली. दोन घास पोटात गेले की बोलू, असं तिने मनात ठरवलं. पण ती चार पावलं चालायला लागेपर्यंत बातमी चिकपेटच्या त्या गल्लीभर झाली होती.

गल्लीतली बहुतेक घरं जुनी मराठी, कितीएक पिढ्यांपूर्वी बेंगळुरूला येऊन कापडाच्या नाहीतर रंगाच्या धंद्यात स्थिरावलेली. विद्याश्रीचा नवरा किरणकुमार याचं खालच्या मजल्यावर लेस, फिती आणि दोऱ्यांचं दुकान, वर घर. बातमी पसरवली समोरच्या ठकुबाईंनी. पहिल्याच शुक्रवारी त्या ओटीचं सामान घेऊन जिना चढल्या, त्यांच्यामागे आणखी चार बायका.

"अक्का, तुमच्या घराण्याचं भाग्य!" त्या सरस्वतीबाईंना म्हणाल्या आणि विद्याश्रीच्या पायांकडे वाकल्या.

"अहो, असं काय करता?" विद्याश्रीने पाय ओढून घेतले. "मी अंथरुणावर पडून होते, विंचरलं नाही, म्हणून केस गुंतले. तुम्हीही महिनाभर विंचरू नका, तुमचेही गुंततील."

ठकुबाईंनी बाकीच्या बायकांकडे पाहून डोळे मिटले. "देवी कधी कबूल करते होय? लहर आहे तिची."

आता याला काय उत्तर द्यायचं? रागावलं तर देवी कोपली, हसलं तर देवी प्रसन्न झाली, गप्प बसलं तर देवी ध्यानात. विद्याश्री काहीही बोलली तरी ते तिचं बोलणं राहत नव्हतं. दर मंगळवारी आणि शुक्रवारी जटेला हळदकुंकू लागायचं, वर तेलाचा थेंब. ते सगळं आत झिरपून सुकायचं आणि गोळा आणखी घट्ट व्हायचा. आत खाज सुटायची, पण बोट आत जात नव्हतं. मग ती दाराआड उभी राहून विणायच्या सुईने खाजवायची. डाव्या कुशीवर झोपता येत नव्हतं. डोकं धुतलं की जट दिवसभर ओली राहायची आणि संध्याकाळी तिला कुबट वास सुटायचा. त्या वासावर सरस्वतीबाई ऊद घालायच्या.

तिने नवऱ्याला गाठलं, तो जेवायला वर आला तेव्हा.

"अहो, तुम्ही आईंना सांगा. त्या माझं ऐकत नाहीत."

किरणकुमार भातात सार कालवत होता. माणूस वाईट नव्हता, पण दोन माणसांचं एकाच वेळी मन राखायची त्याला सवय होती. दुकानात ती उपयोगी पडायची.

"सांगतो," तो म्हणाला. "श्रावण जाऊ दे."

श्रावण गेला. "गणपती होऊ देत." गणपती गेले. "आता नवरात्र तोंडावर आहे, या दिवसांत कसं बोलायचं? स्वल्प धीर धर."

"डोकं माझं आहे!"

"मी कुठं नाही म्हणतो?" किरणकुमार म्हणाला आणि ताक मागितलं.

ती शिवाजीनगरजवळच्या एका खासगी कंपनीत टायपिस्ट होती. रजा संपल्यावर ती जट अंबाड्यासारखी गुंडाळून, वर पदर घेऊन कामावर गेली. तिला वाटलं, इथे तरी शिकलेली माणसं आहेत. पहिला दिवस बरा गेला. दुसऱ्या दिवशी पंख्याने पदर सरकला, आणि तिचे वरिष्ठ हयवदन उभे राहिले. हयवदन म्हणजे इंग्रजी पेपर आधी मागच्या पानापासून वाचणारा, हिशेबात कुणाला पैची सूट न देणारा माणूस. त्यांनी कानडीत विचारलं, "किती दिवस झाले?" आणि उत्तर न ऐकताच बूट काढून ठेवले. त्या आठवड्यात त्यांनी आपल्या मुलीची पत्रिका तिच्याकडे आणून ठेवली. ती म्हणाली, मला पत्रिकेतलं काही कळत नाही. ते समजूतदारपणे मान हलवत म्हणाले, "सरी, सरी. वेळ आली की सांगा."

हेही तिने सोसलं असतं. पण कंपनीत नुकतेच कॉम्प्युटर आले होते आणि दोघा टायपिस्टांना इंदिरानगरला शिकायला पाठवायचं ठरलं होतं. सगळ्यांत जलद टाईप करणारी तीच, त्यामुळे आजारपणाआधीच तिचं नाव लागलं होतं. आता तिच्याऐवजी दुसऱ्याच मुलीचं नाव निघालं. ती तडक हयवदनांसमोर जाऊन उभी राहिली.

"सर, माझं नाव का काढलं?"

"काढलं नाही अम्मा," ते अगदी नम्रपणे म्हणाले. "तुम्हाला आता या असल्या गोष्टींत कशाला ओढायचं? तिथं बंद खोली, चपला घालून माणसं, सोवळंओवळं काही नाही. तुमचा मान आम्ही राखायला नको?"

तिला ओरडावंसं वाटलं. ज्याने अपमान केला त्याच्याशी भांडता येतं. हात जोडून उभ्या असलेल्या माणसाशी कसं भांडायचं? ती जागेवर येऊन बसली आणि दुपारभर तिच्या टायपिंगमध्ये कधी नव्हे त्या चुका झाल्या.

संध्याकाळी बस न पकडता ती मागच्या रस्त्यावरच्या एका ब्यूटी पार्लरमध्ये शिरली. खुर्चीत बसून तिने पदर काढला आणि म्हणाली, "सुटत असेल तर सोडवा. नाहीतर कापा."

पार्लरवालीने ॲप्रन बांधला, कात्री उचलली, जट हातात घेतली. बोटांना कुंकू लागलं. तिने ते आरशाजवळच्या दिव्याखाली पाहिलं आणि कात्री खाली ठेवली.

"मला लहान मुलं आहेत अक्का," ती म्हणाली. "तुम्ही दुसरीकडे जा."

"अहो, नुसतं कुंकू आहे ते!"

"हो. पण मला लहान मुलं आहेत."

घरी येईपर्यंत विद्याश्रीचा सगळा धीर संपला होता. तिने दुकानातली कापड कापायची मोठी कात्री वर आणली आणि न्हाणीघराच्या आरशासमोर मान वाकडी करून उभी राहिली. कात्रीची पाती गोळ्यावर नुसतीच घसरली. दुसऱ्यांदा ती नेट लावणार तोच आरशात सरस्वतीबाई दिसल्या. त्या ओरडल्या नाहीत, कात्री हिसकावायला धावल्या नाहीत. उलट्या पावली गेल्या आणि देवघराच्या उंबऱ्याशी बसल्या. त्या रात्री त्या जेवल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी कॉफीसुद्धा घेतली नाही.

विद्याश्री कपबशी घेऊन त्यांच्यापुढे बसली. "अत्ते, घ्या. ठेवली मी कात्री."

सरस्वतीबाईंनी कपाकडे पाहिलं नाही. "तापात तू काय बडबडत होतीस, ठाऊक आहे?" त्या म्हणाल्या. "माझ्या शिल्पाला सांभाळा, एवढंच म्हणत होतीस. डॉक्टर किरणला बाहेर घेऊन जाऊन बोलले. मी इथंच पदर पसरून बसले होते. पहाटे तुझं अंग थंड लागलं. मला वाटलं, संपलं. बघते तर घाम सुटलेला. आणि उजाडल्यावर ही दिसली." त्यांनी जटेकडे बोट केलं, पण पुरतं नाही. "आता मी कशी कापू देऊ? परत ताप आला तर मी कुणापुढं बसू?"

म्हातारी हट्टी असती, दुष्ट असती, तर बरं झालं असतं. घाबरलेल्या माणसाला कसं समजवायचं, हे विद्याश्रीला कोणी शिकवलं नव्हतं. तिने कप त्यांच्या हातात दिला, तो त्यांनी घेतला, आणि ती दात आवळून कामावर गेली. त्यानंतर घरात जटेचा विषय निघेनासा झाला. ती खाज, तो वास, ती ओढ घेऊन विद्याश्री वावरत होती आणि बारीकसारीक गोष्टींवर भडकत होती. कुकरच्या शिट्टीवर, नळाच्या क्षारट पाण्यावर, मुलीच्या गृहपाठावर.

मुलगी शिल्पाश्री चौथीत होती. तिची वेणी रोज सकाळी अज्जी घालायची. पण हल्ली काही दिवस ती म्हणत होती, "माझी मी घालते." वेणी धड नसायची, पण वर मोठ्या रिबिनी असायच्या. विद्याश्रीला वाटलं, वयच तसं आहे.

रविवारी सरस्वतीबाईंनी नातीला न्हाऊ घालायला बसवलं, रिबिनी सोडल्या, आणि न्हाणीघरातून अशी आरोळी आली की किरणकुमारसुद्धा दुकानाच्या जिन्यावरून धावत वर आला.

शिल्पाच्या डाव्या कानामागे लिंबाएवढा गोळा होता. चिकट, तपकिरी. त्यातून मुंग्या निघत होत्या.

"हे काय केलंस?" अज्जी ओरडल्या.

शिल्पा पाटावर अंग चोरून बसली होती. "मी काही नाही केलं. देवी आली."

"देवी? गुळाचा वास येतोय!"

"गूळ आणि डिंक," शिल्पाने कबूल केलं. "आधी नुसतं चोळून चोळून बघितलं, पण सुटायचं. म्हणून लावलं."

"गूळ लावून देवी येते होय गं? टवळे! शाळेत जायचं आहे का वेडी म्हणून फिरायचं आहे?"

"मग अम्माची कशी आली?" शिल्पा रडवेली झाली होती, पण मागे हटेना. "अम्माला कुणी रागवत नाही. ठकुबाई पाया पडतात. नारळ मिळतो. मला मात्र तू धपाटा घालतेस."

विद्याश्री दारात उभी राहून पाहत होती. बोलली असती तर सगळं बिघडलं असतं, एवढं तिला समजत होतं. किरणकुमार सासूसुनेकडे आळीपाळीने पाहून, गिऱ्हाईक आहे असं काहीतरी पुटपुटत खाली गेला.

सरस्वतीबाईंनी रागारागाने खोबरेल गरम केलं. नातीला खिडकीत उजेडाकडे पाठ करून बसवलं. आधी कोमट पाण्याने गूळ भिजवून काढला, मग गोळ्यावर तेल जिरवलं आणि थोडा वेळ तसंच राहू दिलं. कंगवा लगेच घेतला नाही. एका हाताने केस मुळाशी घट्ट धरले, म्हणजे ओढ डोक्याला बसू नये, आणि दुसऱ्या हाताच्या बोटांनी खालच्या टोकापासून एकेक केस मोकळा करू लागल्या.

"वरून ओढशील तर गाठ आवळते," त्या सवयीने बडबडत होत्या. "शेंड्याकडून सोडवायचं. रात्री केस मोकळे सोडून झोपायचं नाही, सैल वेणी घालायची. ओल्या केसांना पंचानं रगडायचं नाही. आठवडाभर तेल नाही लावलं की असंच होतं, कोरडे केस एकमेकांना धरतात."

"अत्ते," विद्याश्री दारातून म्हणाली, "कशानं होतं म्हणालात?"

सरस्वतीबाईंची बोटं थांबली. मग पुन्हा चालू लागली, पण बडबड बंद झाली.

शेवटची गाठ सुटेपर्यंत दुपार झाली. गुंतवळाचा एवढासा पुंजका निघाला, बाकी सगळे केस वाचले. अज्जीने सैल वेणी घातली, पाठीत हलकी चापट मारली, शिल्पा उड्या मारत पळाली. त्या रिकाम्या पाटावर, उजेडाकडे पाठ करून, विद्याश्री येऊन बसली.

मागे सरस्वतीबाईंनी तेलाची वाटी बाजूला ठेवली.

"ऊठ," सरस्वतीबाई म्हणाल्या.

"कापायचं नाही म्हणते मी. नुसता शेंडा सोडवा. बोटभर."

"तुझं वेगळं आहे."

"काय वेगळं आहे? तिनं गूळ लावला, मी घाम लावला. तिनं चोळलं, मी उशीवर घासलं. तुम्हीच होता ना जवळ? तुम्ही पट्ट्या ठेवत होता, विंचरू नका म्हणून मी रडत होते." तिचा आवाज चढला. तिने तो खाली आणला. "बोटभर सोडवा. ताप आला तर थांबा. मी पुन्हा एक शब्द बोलणार नाही."

मागे वाटी सरकल्याचा आवाज आला. जटेच्या अगदी टोकाला, पाठीच्या खाली, कोमट तेल लागलं.

त्या दिवशी खरोखर बोटभरच सुटलं. संध्याकाळी सरस्वतीबाईंनी तिला थर्मामीटर लावायला लावला, स्वतः दिव्याखाली धरून पाहिला, आणि डबीत ठेवला. मग रोज असंच. विद्याश्री कामावरून आली की पाट, तेल, बोटं. आणि मग थर्मामीटर. वाळलेली हळद भुकटी होऊन पाठीवर सांडायची. कधी एका गाठीपाशी सगळी संध्याकाळ जायची आणि विद्याश्रीला वाटायचं, उठावं आणि सरळ कात्री घ्यावी. पण ती बसून राहायची.

जट अर्ध्यावर आली आणि विद्याश्रीला शिंका सुरू झाल्या. रात्री अंग कोमट झालं. थर्मामीटर पाहून सरस्वतीबाई जागच्या जागी बसल्या. सकाळी ठकुबाई वर आल्या, सुटलेले केस पाहून त्यांनी गालावर हात मारून घेतले.

"अय्यो, अक्का! तुम्ही स्वतःच्या हातानं?"

सरस्वतीबाईंनी तेलाची वाटी धुऊन फळीवर पालथी घातली. विद्याश्री पांघरुणात तोंड खुपसून संतापाने रडली. सर्दी! बेंगळुरूच्या थंडीत गल्लीतली निम्मी माणसं शिंकत होती, ठकुबाईंचं स्वतःचं नाक वाहत होतं, आणि तिची सर्दी तेवढी देवीची!

डॉक्टर येऊन गोळ्या देऊन गेले. ताप दोन दिवस राहिला आणि गेला. सरस्वतीबाई तरीही वाटीला शिवल्या नाहीत. त्या रोज सकाळी सुनेच्या कपाळाला हात लावायच्या आणि निघून जायच्या. विद्याश्रीने विचारायचं सोडून दिलं होतं. एका संध्याकाळी ती चप्पल काढून आत आली तर खिडकीत पाट मांडलेला होता आणि घरभर गरम खोबरेलाचा वास होता.

"बस," सरस्वतीबाई म्हणाल्या. "आला आणि गेला. कुणी आणला नाही, कुणी नेला नाही. बस लवकर, उजेड जातोय."

कानामागचा गोळा मात्र सुटला नाही. तो दाबलेल्या लोकरीच्या नमद्यासारखा एकजीव झाला होता. तीन संध्याकाळी बोटं झिजवल्यावर सरस्वतीबाईंनी स्वतःच लहान कात्री मागितली. विद्याश्रीने ती आणून दिली. कर्र, कर्र असा आवाज झाला आणि मान एकदम एवढी हलकी झाली की तिचा तोल पुढे गेला. त्या बाजूचे केस खांद्यापर्यंतही उरले नव्हते.

सरस्वतीबाईंनी तो गोळा पिवळ्या कापडात बांधला आणि देवघराच्या कोनाड्यात, आतल्या बाजूला सरकवला.

"अत्ते! ते कशाला तिथं?"

"राहू दे. तुझं डोकं तुला दिलं ना? तेवढं माझं राहू दे."

विद्याश्रीने ते तिथेच राहू दिलं. कॉम्प्युटरची जागा गेली ती गेलीच होती. हयवदनांनी तिचे मोकळे केस पाहिले की ते पत्रिका परत मागणार आणि कदाचित दुसऱ्या विभागात धाडणार, हे तिला दिसत होतं. ठकुबाई उद्या येतील. किरणकुमार मघाशीच जिन्यातून डोकावून "झालं ना सगळं नीट?" म्हणून, जणू त्यानेच काही केलं होतं अशा थाटात खाली गेला होता. भांडायला माणसं कमी नव्हती. ती न्हाणीघरात गेली आणि कडी लावून घेतली.

पहिला तांब्या ओतला आणि गरम पाणी थेट कातडीला लागलं. कानामागे, मानेवर, सगळीकडे. तिने नखांनी खसाखसा डोकं घासलं, डोळ्यांत शिकेकाई गेली तरी थांबली नाही.

"नखं लावू नकोस!" बाहेरून सरस्वतीबाई दार वाजवत होत्या. "पंचानं रगडू नकोस, नुसतं टिपून घे! आणि ओले केस बांधू नकोस, परत गुंततील!"

"ठाऊक आहे हो मला!" विद्याश्री आतून ओरडली. "पहिल्या दिवसापासून ठाऊक आहे!"

बाहेर दार वाजायचं थांबलं. मग सरस्वतीबाईंनी विचारलं, पाणी पुरतंय का, आणखी तापवू का. विद्याश्रीने तापवा म्हटलं, आणि पुढचा तांब्या ओतला.